राजाला रविवारी मारू नका

तीन वर्षांपूर्वी, डिसेंबरच्या पहिल्या सोमवारी सकाळी, धुळ्यातल्या एका चौकात वाढदिवसाचा फ्लेक्स लागला. वाढदिवस येत्या रविवारी होता. फ्लेक्सवर सिंहासन होते, सिंहासनावर राजा होता आणि राजाच्या धडावर जिल्ह्यातल्या एका नेत्याचे डोके बसवलेले होते. या नेत्याला सगळे नाना म्हणतात. खाली शुभेच्छुकांच्या फोटोंच्या दोन ओळी होत्या. दुपारी तोच फ्लेक्स साक्रीला आणि संध्याकाळी शिंदखेड्याला लागल्याचे आमच्या वार्ताहराने कळवले.

राजा आमचा होता.

मी तेव्हा जळगावला एका दैनिकाची रविवारची पुरवणी पाहत होतो. पुरवणीच्या शेवटच्या पानावर सहा चौकटींची एक चित्रकथा येत असे. तिच्यातला राजा क्रूर होता, लहरी होता आणि वर्षभरात त्याने एकही चांगले काम केलेले नव्हते. फ्लेक्स लावणाऱ्या मंडळींना हे माहीत नव्हते असे म्हणता येणार नाही. ती चित्रकथा नियमित वाचत होती.

पानावर ही जागा राशिभविष्यामुळे मोकळी झाली होती. भविष्य लिहिणारे गृहस्थ मुलाकडे पुण्याला राहायला गेले. आधी का कळवले नाही, असे विचारल्यावर आपल्यालाही आदल्या दिवशीच कळले, असे त्यांनी सांगितले. संपादक मला म्हणाले, "काहीही टाका. फक्त कोणाचा फोन येता कामा नये."

चित्रकाराची आणि माझी ओळख जुनी होती. ते धुळ्याचे. वयाची पन्नाशी उलटलेली. आधी भिंती रंगवायचे, मग दुकानांच्या पाट्या, ट्रकच्या मागची कमळे आणि मोर. फ्लेक्सचे मशीन आल्यावर त्यांनी ब्रश ठेवला आणि संगणक घेतला. आता त्यांचे फ्लेक्सचे दुकान होते, मागे घर होते आणि गिऱ्हाईक बाराही महिने होते, कारण नेत्यांचे वाढदिवस बाराही महिन्यांत येतात. राजाची गोष्ट त्यांच्या डोक्यात भिंती रंगवण्याच्या काळापासून होती. ती छापायला त्यांनी एकच अट घातली. आपले नाव कुठेही येता कामा नये.

"का?" मी विचारले.

"माझी सगळी गिऱ्हाइकं राजेच आहेत," ते म्हणाले.

त्यांचे नाव मला आणि संपादकांना माहीत होते. घरी त्यांच्या पत्नीला. बाहेर कोणालाही नाही.

पहिल्या भागात राजाला उकाडा सहन होईना. त्याने तापमापकाला अटक केली. तापमापक सत्तेचाळीस दाखवत होता. फटके मारल्यावर तो तीसवर आला. मग ज्यांना घाम येत होता त्यांना अफवा पसरवल्याबद्दल पकडण्यात आले. हा भाग मे महिन्यात छापायला हवा होता, पण तो जानेवारीत आला. तरी लोकांना कळला. आमच्याकडे उन्हाळा आठवायला उन्हाळा लागत नाही.

दुसऱ्या एका भागात राजाने सरळ केळी पिकवण्याचा हुकूम काढला. शिपाई पट्टी घेऊन बागेत आले. वाकड्या केळ्यांना उभे करून जाब विचारला गेला. शेवटी सगळी केळी सरळ झाल्याचा अहवाल राजाला मिळाला, कारण अहवाल आणणाऱ्यांनी पट्टीच वाकवून घेतली होती. त्या आठवड्यात चोपड्याहून केळीबागायतदारांचे फोन आले. संपादकांनी धास्तीने घेतले. सगळे विचारत होते की हा राजा म्हणजे अमुक व्यापारी का. प्रत्येकाचा व्यापारी वेगळा होता.

नंतर हे नेहमीचेच झाले. राजा शिंकल्यावर हसायचे आणि त्याने जांभई दिली की रडायचे, अशी चित्रकथेतल्या दरबारात पद्धत होती. एका प्रधानाची गफलत झाली. त्याला विहिरीत टाकले. मग प्रधान बुडाला म्हणून विहिरीवर खटला भरला. हा राजा म्हणजे आमचे हेडमास्तर, असे एका शिक्षकाने कळवले. एका निवृत्त लिपिकाने आपल्या साहेबांचे नाव सांगितले, तर एका सुनेने सासऱ्यांचे. आपण स्वतः राजा आहोत अशी तक्रार घेऊन वर्षभरात कोणीही आले नाही.

चित्रकाराने गोष्टीचा शेवट सगळ्यांत आधी काढून ठेवला होता. तो त्यांनी मला पहिल्याच भेटीत दाखवला. राजाला वाटते की आपल्या मागून कायम कोणीतरी चालते. ती त्याची सावली असते. राजा सावलीला फाशी फर्मावतो. फाशी देणारा हात जोडून म्हणतो, महाराज, सावली एकटी शिडी चढत नाही, आपण चढलात तर तीही चढेल. राजा चढतो. महाराज, तिच्या गळ्यात दोर बसत नाही, आपल्या गळ्यात घातला तर तिच्याही पडेल. राजा मान पुढे करतो. शेवटच्या चौकटीत दरबार टाळ्या वाजवतो आहे आणि थांबत नाही, कारण थांबा म्हणणारा आता कोणी नाही.

"हे एवढं छापून आलं की झालं," ते तेव्हा म्हणाले होते. "बाकीचं वर्षभराचं मी या एका चित्रासाठी काढणार आहे."

त्यानुसार नोव्हेंबरच्या शेवटच्या रविवारी पुरवणीत एक ओळ छापली : राजाची गोष्ट पुढील दोन भागांत समाप्त. वाढदिवसाचा रविवार आणि शेवटच्या भागाचा रविवार एकच होता. त्या दिवशी हे कोणाच्याच लक्षात आले नाही.

फ्लेक्स लागण्याच्या दोन दिवस आधी, शनिवारी दुपारी, चित्रकाराचा फोन आला. आवाज दबका होता.

"अहो, राजा दुकानात आलाय."

"कोण राजा?"

"आपला. नानांच्या मंडळाची पोरं घेऊन आलीत, मोबाईलवर. म्हणतात, याच्यावर नानांचं तोंड बसवा."

मी त्यांना कॉपीराइटचे कारण सांगायला सुचवले.

"सांगतो. मग विचारतील, कोणाचा कॉपीराइट. मग?"

"मग काम फार आहे म्हणा."

"या लायनीत चार दुकानं आहेत. तिकडे जातील. पण जाताना विचार करतील की काकांनी नाही का म्हटलं. इथं फ्लेक्सला कोणी नाही म्हणत नाही हो. नाही म्हणतो तो दुसऱ्या गटाचा असतो."

त्यांनी फोन ठेवला आणि फ्लेक्स केला. मोबाईलवरचे चित्र बारीक होते, मोठे केले की फाटत होते. म्हणून त्यांनी राजा नव्याने काढला. सिंहासनाला आणखी दोन सिंह दिले. पोरे खूश झाली. त्यांचा अध्यक्ष म्हणाला, "काका, पेपरवाल्यापेक्षा तुमचा राजा भारी आला. पेपरवाल्याला हात जमत नाहीत."

हे चित्रकाराला लागले. मला पुढे त्यांनी दोनदा सांगितले.

सोमवारी फ्लेक्सची बातमी कळल्यावर संपादकांनी मला केबिनमध्ये बोलावले. नाना केस करतील असे त्यांना वाटत होते. नानांचे नाव घेऊन आम्ही काहीच छापलेले नाही, असे मी सांगितले. "तेच तर," संपादक म्हणाले. "आपण नाव घेतलं नाही. त्यांनी स्वतः घेतलं. आता आपण काय करायचं?"

मंगळवारी नानांचाच फोन आला. तो मी घेतला.

"तुमचा राजा आम्ही दर रविवारी वाचतो," नाना म्हणाले. "तो केळीचा भाग फार चांगला होता. चोपड्याला आमच्या साडूंची बाग आहे. व्यापारी अगदी असंच करतात हो, पट्टीच लावायची बाकी ठेवतात."

मी आभार मानले.

"आणि त्या प्रधानाला विहिरीत टाकला ते बरं केलं. असे लोक असतात."

नाना सर्व वेळ प्रजेच्या बाजूने बोलत होते. फ्लेक्सबद्दल त्यांनी एवढेच सांगितले की पोरांनी हौसेने केले आहे.

बुधवारी दुसऱ्या गटाच्या नेत्याचा फोन आला. त्यांना आबा म्हणतात. आबांची तक्रार अशी होती की राजाची मिशी त्यांची आहे, आणि सबंध जिल्ह्याला ती त्यांची म्हणून माहीत आहे. "नानाला मिशी कुठे आहे? आयुष्यात कधी वाढली नाही. आणि राजा तो? मग मी काय झाडू मारतो का?" राजा क्रूर आहे, याकडे मी त्यांचे लक्ष वेधले. "मग?" आबा म्हणाले. "नानापेक्षा कमी आहे का मी?"

गुरुवारी सकाळी नानांच्या मित्रमंडळाचे चार जण गाडी करून धुळ्याहून जळगावला आले. पुढे अध्यक्ष होता. तिशीचा, पांढरा शर्ट, हातात पेढ्यांचा बॉक्स. बॉक्स टेबलावर ठेवून त्याने मोबाईलवर आमची नोव्हेंबरची ओळ दाखवली.

"भाऊ, हे समाप्त म्हणजे काय?"

"गोष्ट संपते."

"ते कळलं. राजाचं काय होतं?"

पुढचा भाग आधी सांगता येत नाही, असे मी म्हटले. अध्यक्षाने बाकीच्यांकडे पाहिले आणि खुर्ची पुढे ओढली.

"मरतो का?"

मी सगळ्यांसाठी चहा सांगितला. तेच उत्तर झाले.

"भाऊ, रविवारी नानांचा वाढदिवस. सकाळी रक्तदान, दुपारी जेवण, संध्याकाळी ऑर्केस्ट्रा. साक्रीपासून शिंदखेड्यापर्यंत नाना राजा होऊन बसलेत. आणि सकाळी सात वाजता पेपर उघडला तर नाना फाशी?"

"फाशी असं मी म्हटलेलं नाही."

"मग विष का?" मागच्या एकाने विचारले.

"तू गप रे," अध्यक्ष म्हणाला. "भाऊ, आमची काही जबरदस्ती नाही. फक्त रविवारी मारू नका."

तेव्हा मी त्याला विचारले की राजा इतका दुष्ट असताना तुम्ही तो नानांसाठी का निवडला. त्याला प्रश्नाचे नवल वाटले.

"दुष्ट तर आहेच ना. पण बघा, सगळे त्याला घाबरतात, सगळे टाळ्या वाजवतात, त्याला कोणी उलटून बोलत नाही. आणखी काय पाहिजे?" मग म्हणाला, "आणि तो बसतो फार भारी."

ते गेल्यावर संपादकांनी निर्णय दिला. शेवटचा भाग रद्द. दुपारी त्यांना वाटले की यात वृत्तपत्राच्या स्वातंत्र्याचा प्रश्न आहे. त्यांनी मला बोलावून शेवट जसाच्या तसा छापा म्हणून सांगितले. चार वाजता जाहिरात विभागाचा माणूस येऊन गेला. रविवारच्या अंकात नानांच्या शुभेच्छांचे पान होते. त्यानंतर राजाला आजारी पाडण्याचे ठरले. संध्याकाळी, आजारी माणूस म्हणजे आणखी वाईट, असे त्यांच्या लक्षात आले आणि राजाला तीर्थयात्रेला पाठवावे असा हुकूम निघाला. मी निघताना त्यांनी जिन्यावरून हाक मारली.

"तुम्हीच धुळ्याला जा. चित्रकारांना सांगा राजा जगला पाहिजे. कसा ते त्यांनी बघावं. आणि हे मी सांगितलं असं सांगू नका."

शुक्रवारी सकाळच्या बसने मी धुळ्याला गेलो. पारोळ्याच्या पुढे रस्त्यालगत एका शेतात नानांचा फ्लेक्स दिसला. तो मागच्या वर्षीचा होता. राजा नसलेला, नुसता गॉगल घातलेला. कापसाच्या ढिगावर तो अंथरला होता. जुने फ्लेक्स आमच्याकडे असेच उपयोगी पडतात.

चित्रकाराच्या घरी भरीत होते आणि कळण्याची, म्हणजे ज्वारी-उडदाच्या पिठाची, भाकरी. जेवताना मी निरोप सांगितला. त्यांनी हात धुतला, उठून कपाटावरून जाड कागदाची गुंडाळी काढली आणि जमिनीवर उलगडली. शेवट शाईत पूर्ण होता. शिडी, दोर, सावली, टाळ्या वाजवणारा दरबार. प्रत्येक दरबाऱ्याचे तोंड वेगळे होते आणि हात चांगले जमले होते.

"वर्षभर मी हे छापून यायची वाट बघतोय," ते म्हणाले. "आता म्हणता राजाला यात्रेला पाठवा. काय दरवेळी परत येत राहील का तो?"

त्यांच्या पत्नी भाकरी थापता थापता म्हणाल्या, "मारी टाका त्याले एकदाव. वरीस व्हई गयं, घरमा त्यानंच राज शे."

"वहिनी, तुम्हालाही त्रास का त्याचा?" मी विचारले.

"मंग? त्या आचारीले यास्नी हत्तीना पायखाले दिधं ना, तव्हय माले समजनं का त्या दिन भरीत खारट व्हयनं व्हतं. तोंडवर सांगानं नही, पेपरमा सांगानं."

 जेवण खारट झाले म्हणून राजा आचाऱ्याला हत्तीच्या पायाखाली देतो, तो भाग ऑगस्टमधला होता.

छापले तर काय होईल, ते त्यांनीच मोजून सांगितले. चित्र कोणी काढले याची चौकशी सुरू होईल. फ्लेक्सवरचा राजा आणि पेपरातला राजा शेजारी ठेवले की हात ओळखायला वेळ लागणार नाही. नाना कदाचित हसतील. मंडळ हसणार नाही. नानांचे काम गेले की नानांच्या माणसांचे जाईल. आबांचे येणार नाही, कारण आबांना ते नानांचे चित्रकार वाटतील. दुकान फ्लेक्सवर चालत होते. आता भिंती कोणी रंगवून घेत नव्हते.

एवढ्यात दुकानाच्या बाजूने अध्यक्षाची हाक आली. चित्रकाराने गुंडाळी पलंगाखाली सरकवली आणि पुढे गेले. मी दारातच मागे उभा राहिलो. अध्यक्षाला एक जादा फ्लेक्स हवा होता, रक्तदानाच्या जागेसाठी. पण त्याचे खरे काम वेगळे होते. शुभेच्छुकांच्या ओळीत त्याचा फोटो आणि खजिनदाराचा फोटो एकाच मापाचे आले होते.

"काका, मी अध्यक्ष ना? मंग तो मन्हा एवढा कसा?"

हे प्रकरण बाहेरच्याला क्षुल्लक वाटेल. तसे ते नसते. फ्लेक्सवर नेत्याच्या डोक्याजवळ कोणाचा फोटो, कोणाचा टोकाला, कोणाचा गोल आणि कोणाचा चौकोनी, यावर मंडळे फुटलेली आहेत. चित्रकाराने पट्टी घेऊन अध्यक्षाला अर्धा इंच वाढवून दिला. अध्यक्ष खूश झाला आणि टेबलावर टेकला.

"काका, तुम्हले काय वाटस? तो पेपरमधला राजा मरी का रविवारे?"

"तुले काय वाटस?" चित्रकाराने विचारले.

अध्यक्षाने जरा विचार केला. "मराले ते पाहिजेच काका. गनज माजेल शे. त्या विहिरले सुद्धा सोडं नही त्यानी." मग पुढे झुकून तो म्हणाला, "पन रविवारे नको. सोमवारे मारू द्या."

"सोमवारे पुरवणी नसस."

"तीच ते अडचन शे."

त्याला वाईट वाटत होते, हे खरे. जाताना त्याने विचारले, "शेवट छापनाच नही, गोष्ट तशीच ठी दिधी, ते चालस का हो पेपरमा?" आणि गाडीवर बसून गेला.

चित्रकाराने पट्टी बाजूला ठेवली. मग त्यांनी टेबलावर कागद घेतला. मी चहा प्यायलो. वहिनींनी दुसरा चहा आणला, तोही प्यायलो. चार वाजता त्यांनी सहा चौकटी माझ्यापुढे ठेवल्या.

पहिल्या चौकटीत राजाला खबर मिळते की गोष्ट संपत आली आहे. दुसरीत तो हुकूम काढतो : गोष्ट संपणार नाही, संपवेल त्याला फाशी. तिसरीत प्रधान म्हणतो, महाराज, आपली नसेल संपत, माझी संपली, मला बाजार करून घरी जायचे आहे. चौथीत शिपाई आणि आचारी निघतात. पाचवीत फाशी देणारा, दोर गुंडाळून खांद्यावर टाकून. सहाव्या चौकटीत सिंहासनावर राजा बसलेला आहे आणि बाकी चौकट पांढरी आहे. खाली समाप्त लिहिलेले नाही.

"जगला," चित्रकार म्हणाले. "आता एक करा. पुढच्या रविवारी हीच शेवटची चौकट छापा. त्याच्या पुढच्या रविवारीही. गोष्ट संपत नाही म्हणाला ना."

रविवारी तो भाग छापून आला. नानांचा वाढदिवस उत्साहात पार पडल्याची बातमी सोमवारी आली. नानांनी फोन करून सांगितले की शेवट आवडला, राजाने सर्वांना मोकळे केले, मनाचा मोठेपणा दाखवला. अध्यक्षाने पेढे पाठवले. आबांचा फोन आला नाही.

पुढच्या रविवारी आम्ही एकटा राजा छापला. चौकट आता सबंध जागाभर मोठी होती. वाचकांनी विचारले की छपाईत काही राहिले का. त्यानंतरच्या रविवारीही तोच राजा आला. तिसऱ्या रविवारी जाहिरात विभागाचा माणूस म्हणाला की एवढी पांढरी जागा फुकट जाते आहे. संपादकांना ते पटले. राजाच्या डाव्या हाताला बोअरवेलची जाहिरात आली, उजव्या हाताला इंग्रजी बोलायला शिकवणाऱ्या क्लासची. जानेवारी संपेपर्यंत सिंहासनाच्या पायाशी एक मंगल कार्यालय आणि मूळव्याधीचा दवाखाना होता. चित्रकाराला मी फोनवर हे सांगितले तेव्हा ते खूप हसले. वर्षभरात मी त्यांना तेवढे हसताना ऐकले नव्हते.

फेब्रुवारीत भविष्य लिहिणाऱ्या गृहस्थांनी पुण्याहून व्हॉट्सॲपवर मजकूर पाठवायला सुरुवात केली. जागा परत राशींना गेली. राजाचे काय झाले असे विचारणारे फोन काही आठवडे आले, मग बंद झाले.

पुढच्या डिसेंबरात मंडळाने पुन्हा तोच राजा मागितला. या वेळी शेवटच्या चौकटीतला. पांढऱ्या जागेत मधोमध सिंहासन आणि त्यावर नाना. असा फ्लेक्स जिल्ह्यात आजवर कोणी लावला नाही, असे अध्यक्षाचे म्हणणे होते. नानांनाही ते आवडले. त्यांनी एकच सूचना केली, चित्र पेपरात होते तसेच ठेवा. चित्रकाराने तसेच ठेवले. खाली शुभेच्छुकांच्या ओळीला जागा राहिली नाही. फ्लेक्सवर नानांशिवाय कोणाचाही फोटो नव्हता. खजिनदाराने त्याच आठवड्यात आबांचे मंडळ धरले. अध्यक्षही जानेवारीत तिकडेच गेला. आबांच्या फ्लेक्सवर त्याचा फोटो गोल आहे आणि आबांच्या मिशीच्या टोकापाशी आहे. तो फ्लेक्सही त्याच दुकानात झाला.

त्यानंतरच्या एप्रिलमध्ये एका लग्नासाठी मी धुळ्याला गेलो होतो. दुपारी चित्रकाराकडे डोकावलो. दुकानात दोन गिऱ्हाइके होती, म्हणून ते म्हणाले, "वर गच्चीवर जा. शेवट छापलाय मी."

"कुठे?"

"फ्लेक्सवर. एकच कॉपी. मशीनवर मापाचा तुकडा उरला होता."

मी वर गेलो. ऊन कडक होते. गच्चीवर मोठा फ्लेक्स अंथरला होता, पांढरी बाजू वर आणि छापलेली बाजू खाली. त्यावर धुतलेले जुने लुगडे होते आणि लुगड्यावर बिबडे, म्हणजे ज्वारीचे पापड, ओळीने वाळत होते. वहिनी शेवटची ओळ घालत होत्या.

"चित्र बघायचं होतं," मी म्हटले.

"आते नही भाऊ, वल्ला शेतस. सांजले उलटासू. उन्हमा कशाले उभा शेतस, खाले चला."

माझी बस साडेचारची होती. फ्लेक्सचा पायऱ्यांकडचा कोपरा वाऱ्याने दुमडला होता. तिथे शिडीची खालची पायरी दिसत होती आणि तिच्यावर राजाचा डावा जोडा.